पाणवठ्याच्या कायद्यातला एक शब्द

फार जुनी गोष्ट. रान सागाचं होतं की ऐनाचं, हे आता खात्रीने सांगवत नाही; पण तिथल्या पाणवठ्याचा कायदा नक्की आठवतो: ‘जो पायांनी येईल, त्याला पाणी मिळेल.’

त्या रानात एक साळिंदर वकिली करत असे. दर उन्हाळ्यात पहारेकरी धामणीला अडवत आणि साळिंदर तिचा खटला लढवी. ‘पोटाने चालते, म्हणजे पोट हाच तिचा पाय,’ असं पटवून तो दरवेळी जिंके. पण निकाल त्या उन्हाळ्यापुरताच असे. एका वर्षी निकाल लागेपर्यंत धामणीची बहीण तहानेने गेली. “जिंकलात हो, वकीलसाहेब,” एवढंच धामण म्हणाली.

साळिंदराला ते लागलं. तो निवडणुकीला उभा राहिला, रानसभेत गेला आणि कायद्यातला एकच शब्द बदलायचा ठराव त्याने मांडला: ‘पायांनी’ऐवजी ‘तहानेने’.

गवा म्हणाला, “वकीलसाहेब, मग तुमच्याकडे येणार कोण? खाल काय?”

“मुळ्याच, गवेराव. आधीही त्याच खात होतो.”

सभा हसली, आणि हसता हसता शेपट्या वर करून तिने ठराव मंजूर केला.

पुढे कितीतरी वर्षांनी, आपण खरंच काही केलं का, या शंकेने म्हातारा साळिंदर पाणवठ्यावर गेला. एक गोगलगाय निवांत पाणी पीत होती.

“इथं वकील लागतो का गं?”

“वकील म्हणजे काय, आजोबा?”

साळिंदराचे सगळे काटे अभिमानाने ताठ झाले. तरीही त्याने आणखी चौघांना विचारून खात्री करून घेतली. तो शब्द कुणालाच ठाऊक नव्हता.