राजाला काल हवा होता

"मला कालचा दिवस परत आणून द्या! आत्ताच्या आत्ता!" राजा प्रचंडसेन मंत्रविद्यापीठाच्या पायरीवर पाय आपटत ओरडला. गाल टम्म सुजलेला आणि डोक्याभोवती फडकं बांधलेलं.

कुलगुरू धूम्राचार्यांनी हात जोडले. "महाराज, कालचाच का बरं?"

"का म्हणून विचारता? काल तुमच्या विद्यापीठाची वार्षिक पंगत! पुरणपोळीसाठी मी दोन दिवस पोट रिकामं ठेवलं. पानावर बसलो, आणि मेली दाढ ठणकायला लागली! तुम्ही पंडितांनी माझ्यादेखत पोळ्या हाणल्या, आमटी भुरकली, बोटं चाटली, आणि मी गाल धरून बघत बसलो! आज सकाळी वैद्यानं दाढ उपटली. आता काल आणा, म्हणजे मी जेवतो!"

"अहो, पोळ्या आज पुन्हा करते की!" विद्यापीठाची स्वयंपाकीण आवडाबाई खिडकीतून डोकावून म्हणाली.

"आजच्या नकोत! कालच्याच हव्यात! मी गावभर दवंडी पिटलीय, काल परत आल्याशिवाय अन्नाला शिवणार नाही! सूर्य डोक्यावर यायच्या आत काल आला नाही, तर इथे हत्तीखाना करीन. पंडित लीद काढतील आणि तू हत्तींच्या भाकऱ्या थापशील!"

आवडाबाईनं बोटांवर हिशेब मांडला. राजाचे हत्ती शंभर, आणि एकेकाला पन्नास भाकऱ्या! "अगं बाई गं! माझे तर खांदेच निखळतील!"

पंडित मात्र खुशीत सभेला बसले. या विद्यापीठात विद्या अफाट होती, पण एक रीतही होती. कुठलाही मंत्र म्हणण्याआधी प्रत्येक पंडितानं एक शंका काढायची, आणि सगळ्या शंका फिटल्याशिवाय मंत्र म्हणायचा नाही. पंडित होते चाळीस! त्यामुळे गेल्या एकशेबारा वर्षांत तिथे एकही मंत्र म्हटला गेला नव्हता. शेवटच्या मंत्रानं एका पंडिताचा चौरंग झाला होता. त्याला माणसात आणावं की नाही, ही शंका अजून चालूच होती. तोवर धूम्राचार्य त्याच्यावर बसत.

"काल दारातून आणायचा की खिडकीतून?" एकानं शंका काढली.

"काल आला, तर आज कुठे ठेवायचा?" दुसरा म्हणाला.

"अडगळीच्या खोलीत!"

"तिथे कुठली जागा? तिथे ग्रंथ व्यायलेत! पिल्लं पायात येतात!"

सूर्य भराभर वर चढत होता. आवडाबाईनं कपाळावर हात मारून घेतला. "या दीडशहाण्यांच्या नादी लागले, तर हत्ती माझ्या उरावर बसतील!" पदर खोचून ती थेट राजापुढे उभी राहिली.

"महाराज, काल मी आणते. पण काल फोडी करून येत नाही हं, अख्खा येतो."

"येऊ दे अख्खा!"

"मग दाढही येईल."

राजाचा हात झटकन गालावर गेला. "दाढ कशाला?"

"काल ती तोंडातच होती ना! ती ठणकणार, तुम्ही उपाशी राहणार, आणि हे चाळीस जण पुन्हा तुमच्यापुढे बोटं चाटणार! वर उद्या सकाळी वैद्यबुवा सांडशी घेऊन हजर! सांगा, आणू काल?"

"नको! नको!" राजा मागे सरकला. मग त्याचा चेहरा रडवेला झाला. "पण माझी दवंडी? राजाचा शब्द! आता मी काय जन्मभर उपाशी राहू?"

"छे हो! तुम्हाला काल जेवणापुरताच हवा ना? तेवढा माझ्या शिंक्यावर टांगलाय!" आवडाबाईनं भांडं आणलं आणि वाटी भरून राजापुढे ठेवली. "ही कटाची आमटी! कालच्याच पुरणाची, कालच्याच चुलीवरची. दाढ नसली तरी भुरकता येईल!"

राजानं एक घोट घेतला. डोळे मिटले. दुसरा घेतला. वाटी रिकामी!

"अहाहा! काल ही इतकी झकास होती?"

"कुठली हो! कटाची आमटी मुरते दुसऱ्या दिवशी. काल या पंडितांनी भुरकली ती नुसती कोवळी, बिनमुरलेली! खरी चव तुमच्याच वाट्याला आली!"

चाळीसही पंडितांची तोंडं एरंडेल प्यायल्यासारखी झाली. ती बघून राजा असा काही हसला, की डोक्याचं फडकं सुटून आमटीच्या भांड्यात पडलं.

"वाहवा आवडाबाई! हत्तीखाना रद्द! माग, काय हवं ते माग!"

"महाराज, पुरण वाटून वाटून माझे हात भरून येतात हो."

"बस्स! आजपासून दर सणाला हे पंडित तुझ्या हाताखाली पुरण वाटतील! चाळीस पाटे-वरवंटे माझ्याकडून, आणि तुला सोन्याची पळी!" राजानं वाटी पुढे केली. "आता ते फडकं काढ आणि वाढ अजून!"