म्हशीकडे पहिला अर्ज

नगरपालिकेने गटार खणलं ते नेमकं सगुणाबाई गवळणीच्या गोठ्याच्या दारात. म्हैस बाहेरच अडकली. बाई कोर्टात गेली, तर मुख्याधिकारी खासनीस मिशीत हसत म्हणाले, "आधी आमच्याकडे अर्ज, मग आमच्याकडेच अपील. पायरी सोडून कोर्टात येता येत नाही!" कोर्टानेही बाईला परत पाठवलं.

दुसऱ्या सकाळी ती बेघर म्हैस पालिकेच्या फाटकात, साहेबांच्या जीपपुढे ऐसपैस रवंथ करत बसली. साहेबांना कलेक्टरांनी बोलावलेलं.

"बाई, हिला उठवा, नाहीतर कोर्टात खेचीन!"

"खेचा की," सगुणाबाई म्हणाली. "पण पायरी सोडू नका, साहेब. आधी म्हशीकडे अर्ज करा. तिनं फेटाळला, की अपील माझ्याकडे."

तासाभरात गटारावर फरशी पडली. मग म्हैस अर्जाविनाच उठली.