धुरपा सुइणीच्या बोलक्या डिंकाची कहाणी

ऐक वनदेवी, तुझ्या डिंकाची कहाणी. आटपाट नगराच्या वेशीबाहेर एक वाडी होती. तिथं धुरपा नावाची सुईण राहत होती. हाताला यश होतं, घरात दारिद्र्य होतं. एके दिवशी रानात गेली, सालईच्या झाडाखाली बसली. तिथं वनदेवी भेटली. झाडाचा डिंक काढून दिला, म्हणाली, "बाई, तुला ठाऊक असेल ते ह्या डिंकाशी बोल. ज्याच्या जिभेवर तो विरघळेल, त्याला ते उमगेल." धुरपा म्हणाली, "ह्याचा वसा काय?" देवी म्हणाली, "श्रावणातल्या शुक्रवारी न्हावं, डिंकाला हळदकुंकू वाहावं, आपलं शहाणपण त्याच्याशी बोलावं, दुसरीच्या हाती द्यावं. त्याला कुलूप लावू नये, त्यावर मालकी सांगू नये."

धुरपेनं वसा घेतला. मूल आडवं आलं तर कसं फिरवावं, वार अडकली तर काय करावं, सगळं डिंकाशी बोलली. वाडीवाडीला डिंकाचे खडे धाडले. अडलेल्या बाळंतिणी सुटू लागल्या.

हे राजाच्या कानी गेलं. राजानं काय केलं? रान अडवलं, घराघरातला डिंक ओढून नेला, कोठारात भरला, कुलूप घातलं. राजवैद्यानं दवंडी पिटवली, "ही विद्या माझी. जो डिंकाशी बोलेल त्याचे हात तोडू."

धुरपेची सून चिमा माहेरी बाळंतपणाला गेली होती. तिकडच्या सुइणीसाठी धुरपेनं खडा धाडला होता, तो शिपायांनी वाटेतच हिसकावला. मूल आडवं आलं. धुरपा धावत पोचली, तोवर सून थंड झाली होती. मूलही गेलं.

मग धुरपा वाड्यावर गेली. "माझा डिंक द्या." पहिल्या दिवशी दारवान हसले. दुसऱ्या दिवशी राजवैद्य म्हणाला, "अडाणी बाईला विद्या कुठली?" तिसऱ्या दिवशी राजा म्हणाला, "ही साडीचोळी घे, गप घरी जा." धुरपेनं साडीचोळी त्याच्या पायाशी फेकली. "सून चितेवर गेली माझी. कुणाला नेसवू ही?"

मग तशीच रानात गेली. शिपायांनी भाले रोखले. "खुपसा," म्हणाली आणि चालत राहिली. एका शिपायाची बायको पोटुशी होती, त्यानं भाला खाली केला. बाकीचे बघत राहिले. धुरपेनं झाड नखांनी ओरबाडलं. बोटं रक्तानं भरली, डिंकाचा गोळा हाती आला. ह्या खेपेला ती शहाणपण बोलली नाही, राग बोलली. चिमेचे गार पडलेले हात बोलली, न रडलेल्या पोराचं तोंड बोलली.

मग पाणवठ्यावर खडे वाटले, जात्यावर वाटले, बाजारात वाटले. जिनं चाखला तिचे डोळे लाल झाले. कुणी मुसळ उचललं, कुणी पाटा उचलला, सगळ्या वाड्याच्या दारी उभ्या राहिल्या. राणी खाली आली. "काय खाता गं?" म्हणाली. एकीनं खडा दिला. राणीनं तोंडात टाकला. मग राजाकडे वळली, म्हणाली, "माझी दोन मुलं पोटातच गेली. तुमचे वैद्य म्हणाले, नशीब! अन् ही विद्या कोठारात कुजत होती?" राजाच्या कमरेची किल्ली तिनं हिसडा मारून काढली. कोठार उघडलं. राजाला खडा चाखायला लावला. राजा ढसढसा रडू लागला. धुरपा म्हणाली, "रडू नकोस. रान मोकळं कर." राजानं रान मोकळं केलं. राजवैद्य पागोटं काढून उभा राहिला, त्याच्याकडे कुणी पाहिलंसुद्धा नाही.

मग वनदेवी आली. "मुली, माग, काय हवं ते देते." धुरपा म्हणाली, "माझी सून दे." देवीनं मान खाली घातली. "ते माझ्या हाती नाही गं." धुरपा म्हणाली, "मग माझा राग तेवढा काढून घेऊ नकोस." देवी म्हणाली, "तथास्तु."

जशी धुरपेच्या हाकेला बायामाणसं उभी राहिली, तशी तुमच्या आमच्या हाकेला उभी राहोत. कुणाच्या लेकीसुनेचं बाळंतपण न अडो. साठ उत्तरांत सांगायची ती पाच उत्तरांत सांगितली, ऐकणारीला फळो, सांगणारीला फळो.