मोरांचा महाल आणि विणकराचं घर

फार जुन्या काळची गोष्ट आहे. किती जुन्या, ते विचारू नका. सांगणाराही आता थकला आहे. एका डोंगराच्या उतारावर घरं बांधण्याची जादू शिकवणारी शाळा होती. तिथे गवंडी लागत नसे आणि चुनाही लागत नसे. शिकलेला माणूस डोळे मिटून मनात घर उभं करी, आणि डोळे उघडी तेव्हा समोर खरोखरचं घर असे.

ऐकायला मोठं छान वाटतं. पण जादू फुकट नसते, मुलांनो. मोठ्यांनो, तुम्हाला तर हे ठाऊकच आहे. मनात बांधलेलं घर मनातच सांभाळावं लागे. ज्यानं बांधलं त्यानं रोज सकाळी डोळे मिटून बसायचं आणि ते घर उंबऱ्यापासून आढ्यापर्यंत आठवायचं. याला तिथे उजळणी म्हणत. दुसऱ्या कुणी आठवून भागत नसे. एखाद्या दिवशी एखादं घर आठवायचं राहिलं, तर सूर्य मावळताच ते कोसळे.

शाळेच्या मुख्य बाई म्हाताऱ्या झाल्या होत्या. छप्पर मागायला आलेल्याला नाही म्हणायचं नाही, असा त्या शाळेचा जुना नियम होता. नियम केला तेव्हा नदीला महापूर येऊन गेला होता आणि माणसं झाडांखाली राहत होती. तेव्हा तो योग्यच होता. पुढे माणसं घरात गेली, पण नियम बदलायचं कुणाला सुचलं नाही. मग लोक काहीही मागू लागले. कुणाला कबुतरांसाठी माडी हवी, कुणाला शेजाऱ्यापेक्षा हातभर उंच गच्ची हवी. बाई सगळ्यांना हो म्हणत. भीड भिकेची बहीण म्हणतात, ते उगाच नाही.

अशानं बाईंची उजळणी पहाटे सुरू होई, ती दुपार कलली तरी संपत नसे. चुलीवरची पेज तशीच निवून जाई. पूर्वी एखादं घर आठवताना त्यातली माणसंही आठवत, त्यांचं बरं चाललं असेल ना असं मनात येई. आता नुसत्या भिंती आठवत, एकीमागून एक, कशाबशा. बाईंना कशाचाच आनंद होईनासा झाला होता.

त्यांची एक थोरली शिष्या होती. तिला हे बघवेना. ती म्हणाली, "बाई, रिकामी पडलेली घरं तरी सोडून द्या. तशी रीत आहे ना आपल्यात?"

रीत होती. मालकाला आधी सांगायचं, त्याला सामान बाहेर काढू द्यायचं आणि मग ते घर आठवणं थांबवायचं. पण तसं करणं शाळेत कमीपणाचं मानत. बाईंचं डोकं आता चालेनासं झालं असं लोक म्हणतील, याची बाईंना लाज वाटत होती. त्यांनी शिष्येला गप्प केलं.

अशात एके दिवशी राजाचा प्रधान डोंगर चढून आला. राजाला मोरांसाठी काचेचा महाल हवा होता, म्हणजे मोर पावसात भिजणार नाहीत. मोराला पावसात भिजायचंच असतं, पण राजाला हे कोण सांगणार? आता आपल्याला झेपणार नाही, हे बाईंना पक्कं कळत होतं. नाही हा शब्द अगदी ओठांवर आला होता. तोंडातून निघालं ते, "बांधू की."

महाल झाला. त्याला काचाच काचा होत्या आणि प्रत्येक काच वेगळी आठवावी लागे. दुसऱ्या दिवशी बाईंनी उजळणी महालापासूनच सुरू केली, कारण तो राजाचा होता. काचा संपेपर्यंत ऊन डोक्यावर आलं. मग माड्या झाल्या, गच्च्या झाल्या. नदीकाठची लहान घरं तेवढी उरली होती. घटकाभर भिंतीला टेकावं आणि मग ती आठवावीत, असं बाईंनी ठरवलं. टेकल्या, आणि त्यांची मान कलली.

जाग आली तेव्हा सूर्य डोंगराला टेकला होता.  त्या घाईघाईनं एकेक घर आठवू लागल्या. बाकी सगळी झाली. एका म्हाताऱ्या विणकराचं दोन खोल्यांचं घर राहिलं, आणि ऊन गेलं.

बाई धापा टाकत नदीवर पोचल्या तेव्हा सगळं होऊन गेलं होतं. विणकर पाण्याला गेला होता, म्हणून वाचला. त्याची बायको आत मागावर बसली होती. लोकांनी तिला आढ्याखालून काढून तिच्याच हातच्या कापडात गुंडाळलं होतं. बाई विणकराच्या पायाशी बसल्या. तो ओरडला असता तर बरं झालं असतं. तो ओरडला नाही.

तो म्हणाला, "बाई, तुम्हाला झेपत नव्हतं, तर तसा निरोप धाडायचा. आम्ही दोघांनी मिळून कुडाची झोपडी बांधली असती. तुम्ही हो म्हणाला होतात, म्हणून आम्ही निर्धास्त होतो."

 बाई त्याच पावली परत गेल्या आणि मोर बाहेर काढा म्हणून राजाला निरोप पाठवला. प्रधान तणतणत आला. त्यानं धाक घातला, पण घाबरायलाही अंगात त्राण लागतं. बाईंनी त्याला सरळ नाही सांगितलं. मोर बाहेर आले आणि महाल खाली बसला. मग माड्या गेल्या, गच्च्या गेल्या. कुणी बाईंशी भांडलं, कुणी त्यांचं नावच टाकलं. बाईंनी ते सगळं ऐकून घेतलं.

सुतकाचे दिवस सरल्यावर त्या पुन्हा नदीवर गेल्या. आता आपल्याकडे मोजकीच घरं आहेत, एकही विसरणार नाही, आधीपेक्षा चांगलं घर देते, असं त्यांनी विणकराला परोपरीनं विनवलं. विणकर कुडाला माती लिंपत होता. त्यानं बाईंना बसायला घोंगडी दिली, प्यायला पाणी दिलं.

मग तो म्हणाला, "नको, बाई." आणि पुन्हा माती लिंपू लागला.

तात्पर्य: ज्याला नाही म्हणता येत नाही, त्याच्या होकारावर कुणी विसंबू नये.