नांदती पोथी

एक होतं राज्य. तिथे भर दुपारीसुद्धा धुकं असायचं. राजा होता, पण त्याला कोण विचारतंय! खरी सत्ता होती एका पोथीची. ताडाच्या पानांची, खूप खूप जुनी. तिचं नाव नांदती पोथी. राज्यात जे जे म्हणून होतं, ते तिच्यात लिहिलेलं होतं. डोंगर, विहिरी, गाई, माणसं. बाळ जन्मलं की शेवटी एक ओळ वाढवायची. पोथीत जे असेल ते नांदायचं, बरं का. आणि नसेल ते नसायचं.

दर बारा वर्षांनी पानांना कसर लागायची. मग पोथी नव्याने उतरवायची आणि जुनी डोहात सोडायची. हे काम लिपिकाराचं. पण त्याची नजर गेली होती, म्हणून या वेळी त्याची थोरली लेक साळू बसली. लोखंडी लेखणीने पानावर अक्षर कोरायचं, वरून काजळ चोळायचं, की अक्षर काळंभोर उठून दिसायचं. साळूचं अक्षर कसं, मोत्यासारखं.

पण एकदा काय झालं, एका ओळीच्या शेवटी होतं ‘लिपिकाराची लेक’. खालच्या ओळीच्या शेवटीही होतं ‘लिपिकाराची लेक’. साळूने वरची ओळ कोरली, जरा मान मोकळी केली, परत पानाकडे बघितलं, आणि तिचा डोळा खालच्या ओळीच्या शेवटावर जाऊन टेकला. एक ओळ सुटली. कुणाला कळलंसुद्धा नाही.

मग जुनी पोथी सोडायचा दिवस आला. साळू डोहाच्या काठावर बसली होती. मागे बसून कुणीतरी तिची वेणी घालत होतं. “ताई, हलू नकोस गं, पेड सुटतोय.”

पोथी बुडाली. केसांतली बोटं थांबली.

साळूने मागे वळून बघितलं. मागे कुणीच नव्हतं. आणि तिला वाटलं, अरे, मी वळले कशाला?

घरी आईने चार ताटं मांडली आणि बघतच राहिली. “अगोबाई, तीन माणसांना चार ताटं! वेंधळी झालेय मी.”

बाबा उंबऱ्यापाशी अडखळले. लहानशा वहाणांचा जोड होता तिथे. “कुणाच्या गं या?”

“कुणास ठाऊक.”

मग साळूने केस पुढे घेतले. वेणी अर्धीच होती. आणि पाठीमागून घातलेली. स्वतःच्या हाताने तिला तसा पेड येतच नव्हता! साळू गार पडली.

“बाबा, पोथीतून एक माणूस सुटलं. आपल्याच घरातलं.”

“गप! पोथी चुकत नाही.”

“पोथी नाही चुकली, बाबा. मी चुकले.”

बाबा खूप वेळ त्या वहाणा चाचपत बसले. मग हळूच म्हणाले, “जुनी पोथी दिवेलागणीला डोहात विरून जाते. त्याआधी जा, बाळ.”

साळूने लेखणी केसांत खोवली आणि निघाली. डोहाला तीन पायऱ्या. पहिल्या पायरीवर पाण्याने विचारलं, “कुणाला न्यायचंय?”

“नाव माहीत नाही.”

दुसऱ्या पायरीवर विचारलं, “मग ओळखशील कशी?”

“माझी अर्धी वेणी तिच्याकडे राहिलीय.”

तिसऱ्या पायरीवर पाणी काहीच बोललं नाही. तेच जास्त भयंकर होतं, बरं का.

तळाशी पोथी उघडी पडली होती. काळ्या तोंडाच्या मासोळ्या अक्षरांतलं काजळ चाटत होत्या. पानं सगळी कोरी दिसत होती. मग त्या मासोळ्या वळल्या साळूच्या डोळ्यांतल्या काजळाकडे! तिने डोळे घट्ट मिटले. आणि चाचपडताना तिचं बोट पानावरून फिरलं. काजळ गेलं होतं, पण कोरलेली रेघ कुठे जाणार? बोटाने वाचत वाचत तिला स्वतःचं नाव लागलं. आणि त्याच्या खाली एक नाव. तीनच अक्षरं.

ती एक पायरी चढली, आणि नाव विसरली. परत खाली गेली, परत वाचलं. दोन पायऱ्या चढली, परत विसरली. तिसऱ्यांदा मात्र तिने लेखणी काढली आणि ते नाव आपल्या तळहातावर कोरलं. दुखलं, पण कोरलं.

वर येऊन बघते तर नुसते पांढरे ओरखडे. अक्षर काही म्हणता काही लागेना. दिवस तर कललेला. मग तिने डोळ्यांतलं काजळ बोटावर घेतलं आणि तळहातावर चोळलं. अक्षरं काळीभोर उठली. बकुळ.

साळू धावत सुटली. नव्या पोथीत, दोन ओळींच्या मधल्या बारीकशा जागेत तिने ती ओळ कोरली, काजळ चोळलं, आणि गावात पहिला दिवा लागला.

काहीच झालं नाही.

मग तिच्या केसांत बोटं आली. गार. ओली.

“ताई, हलू नकोस म्हटलं ना? सुटली बघ सगळी!”

आईने चौथं ताट परत मांडलं. बकुळला काही म्हणता काही आठवत नव्हतं. फक्त तिच्या बोटांची टोकं काळी झाली होती, ती काही पुढे कधी उजळली नाहीत. त्यानंतर साळू रोज जेवायच्या आधी घरातल्या प्रत्येकाला नाव घेऊन हाक मारायची. आणि सगळे ओ द्यायचे. असे सगळे सुखाने नांदले.

चला, डोळे मिटा आता. थांबा, मीही एकदा नावं घेते. गोदू, वत्सू, दामू, बाळी. चौघंच ना रे तुम्ही? मग हे पाचवं पांघरूण कुणाचं?

अगोबाई, माझंच की! झोपा, झोपा.