विदूषकाचं उत्तर

नववीतला निमिष बोलताना अडखळायचा आणि वर्गातला दांडगट रणधीर त्याची नक्कल करून सगळ्यांना हसवायचा. मधल्या सुट्टीत निमिषला आधार होता तो जुन्या संस्कृत नाटकांच्या मराठी भाषांतरांचा, आणि ती त्याच्याबरोबर वाचणाऱ्या केतकीचा.

स्नेहसंमेलनासाठी सोमणबाईंनी तसलंच एक नाटक बसवायला घेतलं. रणधीर राजा झाला.

"बाई, विदूषक निमिषलाच करा. त्याने नुसतं तोंड उघडलं तरी लोक हसतील!" तो म्हणाला.

निमिषने मान खाली घातली. केतकी त्याच्या कानाशी कुजबुजली, "हो म्हण. राजाला तोंडावर बोलायची मुभा फक्त विदूषकालाच असते."

निमिष हो म्हणाला. पहिल्याच तालमीत रणधीरने पदरचं वाक्य घुसडलं, "काय रे विदूषका, एकच शब्द तीन-तीनदा का बोलतोस?"

निमिषचे कान तापले. पण त्याने लवून नमस्कार केला.

"म-म-महाराज, एकदा सांगून आपल्याला क-कळत नाही, म्हणून!"

वर्गात हशा पिकला.

"बाई, हा माझा अपमान करतोय!" रणधीर ओरडला.

"तुझा कुठे? राजाचा," केतकी म्हणाली.

बाईंनी हसू दाबत दोन्ही वाक्यं नाटकात ठेवून दिली. पुढच्या तालमींत रोज एकमेकांसमोर ती म्हणता म्हणता रणधीरचं नक्कल करणं थांबलं.

प्रयोगाच्या दिवशी भरल्या सभागृहात निमिष 'म'वरच अडकला, सुटेचना. रणधीर त्याच्याजवळ सरकला आणि हळूच म्हणाला, "सावकाश बोल. मी थांबलोय."

निमिषने वाक्य पुरं केलं, तेव्हा सगळ्यांत आधी हसला तो राजाच.