काचेमागची हाक

एकदा एक फुटबॉल प्रशिक्षक स्वतःच्याच गुडघ्यांपुढे हरला. कोल्हापूरच्या एका महाविद्यालयात इंगवले सरांनी उभी हयात पोरे घडवली. आता मैदानावर धावणे दूर, उभे राहणेही जमेना. काम सोडताना एकच धास्ती होती, माझ्यामागे या पोरांचे कसे व्हायचे? तेवढ्यात वृद्ध समालोचक बापूसाहेबांनी त्यांना रेडिओवर बोलावले. बजावले मात्र स्पष्ट, "आजचा सामना ही तुमची परीक्षा. जमलं, तर माझ्यानंतर ही खुर्ची तुमची." फुटबॉलखेरीज सरांना दुसरे येत तरी काय होते? खुर्ची गेली की घरी बसून भिंतीकडे बघणेच नशिबी होते.

आणि योग कसा पाहा! सामना नेमका त्यांच्याच महाविद्यालयाचा, तोही अंतिम फेरीचा.

काचेच्या खोलीतून सरांनी सुरुवात झकास केली. खेळाडूंची नावे, चाली, सगळे घडाघडा सांगत होते. पण सामना संपत आला, बरोबरी कायम होती आणि समोरच्या संघाचा एक गडी एकटाच चेंडू घेऊन सुटला. गोलरक्षक हर्षद जागीच उभा! झाले, सर ताडकन उठले आणि माईक दोन्ही हातांनी धरून ओरडले, "आरं हर्षद, बघत काय बसलाईस? पुढं ये! पुढं ये की लेका!"

हर्षद पुढे झेपावला आणि चेंडू त्याने छातीशी कवटाळला.

सर मात्र घामाघूम होऊन मटकन खाली बसले. समालोचकाने दोन्ही संघांना सारखे मानायचे असते आणि हे तर साऱ्या जिल्ह्यासमोर कोकलले होते! "गेली माझी खुर्ची," ते पुटपुटले.

बापूसाहेबांनी हसून माईकच्या बटणाकडे बोट दाखवले. बटण बंद होते. तो गडी सुटताच त्यांनीच ते बंद केले होते. श्रोत्यांना तेवढा वेळ मैदानाकडेच्या वेगळ्या माईकमधून फक्त तिथला कल्लोळ ऐकू आला.

सरांचा जीव भांड्यात पडला. "अहो, मग मला ओरडू कशाला दिलंत?"

"आज अडवलं असतं, तर तुम्ही पुढच्या सामन्यात ओरडला असतात. आता मला सांगा, माईक बंद, काच बंद. तुमचं बोलणं त्या पोरानं ऐकलं का?"

"नाही."

"तरी तो पुढं आलाच ना? सर, रोजच्या सरावात तुम्ही जे घसा फोडून सांगितलंत, ते त्याच्या अंगात मुरलंय. शिकवणाऱ्याचं काम तिथं पुरं होतं. आता पोरं खेळतील, आपण फक्त बघायचं आणि लोकांना सांगायचं. हलकं काम आहे हो, करून तर बघा."

सरांनी काचेतून हर्षदकडे पाहिले. खेळ जरा थांबला होता आणि तो मजेत चेंडू आपटत उभा होता. कित्येक दिवसांनी सरांना मोकळा श्वास घेता आला.

बापूसाहेबांनी बटण दाबले. सरांनी घसा खाकरला.

"श्रोतेहो, गोलरक्षक हर्षद अगदी वेळेवर पुढे आला," ते म्हणाले, "आणि त्याला कोणी सांगायची गरज पडली नाही."